वकील गैरहजर, शिक्षा मात्र कायम

उच्च न्यायालयात फौजदारी अपिलाचा पुकारा होतो, आरोपीचा वकील उभा राहत नाही आणि ‘पाठपुराव्याअभावी अपील फेटाळले’ असा एका ओळीचा आदेश निघतो. हा प्रकार कायद्याला मान्य नाही. सर्वोच्च न्यायालयाने तसे १९७१ मध्ये सांगितले आणि १९९६ मध्ये बानीसिंग खटल्यात तीन न्यायाधीशांच्या पीठाने पुन्हा बजावले. तरीही आरोपी फरार आहे एवढ्याच कारणावरून पाटणा उच्च न्यायालयाने अपील फेटाळले आणि २०२२ मध्ये तो आदेश सर्वोच्च न्यायालयाला रद्द करावा लागला.

दिवाणी अपील पक्षकाराच्या गैरहजेरीत फेटाळता येते. सबळ कारण दाखवल्यास ते पुन्हा दाखलही होते. फौजदारी अपिलाला यातील एकही तरतूद लागू नाही. अपील एकदा सुनावणीस घेतले की खटल्याची कागदपत्रे मागवून, ती वाचूनच निर्णय द्यावा, अशी १९७३ च्या संहितेची योजना होती. १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेने ती कायम ठेवली. स्वाक्षरी झालेला निकाल लेखनदोषापलीकडे बदलण्यासही मनाई आहे. त्यामुळे एका ओळीच्या आदेशाने अडलेल्या माणसाला बहुधा दिल्लीच गाठावी लागते.

बानीसिंग निवाड्याची दुसरी बाजू मात्र फारशी चर्चेत येत नाही. वकील नसला तरी न्यायालयाने तारीख वाढवून दिलीच पाहिजे, असे नाही. कागदपत्रे पाहून ते निर्णय देऊ शकते. आरोपी तुरुंगात असेल तर पुढची तारीख द्यावी, आणि उचित वाटल्यास सरकारी खर्चाने वकील नेमावा, एवढी सूट त्यात आहे. वकिलाविना आरोपीविरुद्ध निकाल नकोच, न्यायमित्र नेमा, असे दोन न्यायाधीशांच्या पीठाने २०११ मध्ये म्हटले. लाचलुचपत प्रतिबंधक कायद्याखालील एका प्रकरणात २०१३ मध्ये ते मत मोठ्या पीठाच्या निवाड्याशी विसंगत ठरले.

म्हणजे अपील ‘फेटाळता’ येत नाही, पण एकतर्फी ‘निकाली’ निघू शकते. या दोहोंतील अंतर न्यायाधीश कागदपत्रे किती बारकाईने वाचतात, यावर अवलंबून राहते. परप्रांतातील तुरुंगात असलेल्या मजुराला पुकाऱ्याची तारीखही कळत नाही; घरचे गावी, वकील दुसऱ्या शहरात. जामिनावर सुटलेला, पण दोषसिद्धीमुळे नोकरी गमावलेला कर्मचारीही वर्षानुवर्षे याच अपिलाच्या आशेवर असतो.

वकिलांना संपाचा अधिकार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये बजावले असले, तरी गैरहजेरीची किंमत वकील नव्हे, अशील मोजतो. तोडगा कायद्यातच आहे. महाराष्ट्रातून आलेल्या हॉसकोट प्रकरणात कैद्याला निकालपत्राची प्रत विनामूल्य आणि अपिलासाठी वकील मिळण्याचा हक्क १९७८ मध्येच मान्य झाला. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याने कोठडीतील प्रत्येकाला, उत्पन्न न पाहता, मोफत वकिलाचा हक्क दिला. वकील गैरहजर दिसताच कैद्याचे अपील विधी सेवा समितीकडे पाठवावे, असा सक्तीचा नियम प्रत्येक उच्च न्यायालय स्वतः करू शकते. त्यासाठी संसदेची वाट पाहण्याचे कारण नाही.