पाहणे, दिसणे आणि पाहिजे

इंग्रजीतल्या ‘सी’ या क्रियापदाचा अर्थ शाळेत ‘पाहणे’ असा शिकवला जातो. पाठांतराला तेवढे पुरते. वाक्य करायला घेतले की अडचण येते, कारण इंग्रजी या एका शब्दावर भागवते तिथे मराठीला निदान दोन क्रियापदे लागतात. एक पाहणे (किंवा बघणे), दुसरे दिसणे. गंगाखेडहून लोह्याकडे जाणाऱ्या रस्त्यावरच्या पालम गावात, किंवा परभणी जिल्ह्यात कुठेही, ‘लई बगितलं, पर दिसंना’ हे वाक्य कानावर पडले तर कुणाला त्यात विसंगती वाटणार नाही. पाहणे हे माणसाने केलेले काम आहे आणि दिसणे ही त्याच्या बाबतीत घडलेली गोष्ट आहे. काम पुरेपूर केले तरी गोष्ट घडेलच असे नाही.

हा भेद मराठीच्या व्याकरणात मुरलेला आहे. ‘तो नदी पाहतो’ या वाक्यात कर्ता तो, नदी कर्म. ‘त्याला नदी दिसते’ असे म्हटले की क्रियापद नदीच्या मागे जाते: नदी दिसते, बंधारा दिसतो, पाणी दिसते. माणूस ‘ला’ प्रत्यय घेऊन बाजूला उभा राहतो. मराठीत भूक, थंडी, राग, आठवण आणि स्वप्नही याच रीतीने माणसाकडे येतात. त्याला भूक लागते, त्याला आठवते, त्याला कळते, तसेच त्याला दिसते. दिसण्याचे श्रेय किंवा दोष भाषा माणसाच्या पदरात टाकत नाही. पाहण्याची जबाबदारी मात्र पूर्णपणे त्याची असते. म्हणून ‘नीट बघ’ अशी आज्ञा देता येते, ‘नीट दिस’ अशी देता येत नाही. ‘नीट दिस’ म्हटलेच तर त्याचा अर्थ दुसऱ्यांच्या नजरेला चांगला दिस, असा निघेल.

दिसणे या क्रियापदाचा पसारा डोळ्यांपुरता नाही. ‘म्हातारीला कमी दिसतं’ इथे ती दृष्टीची शक्ती आहे. ‘पोरगा थकलेला दिसतो’ इथे बाह्य रूपावरून केलेला तर्क आहे. ‘पाऊस येईलसं दिसतंय’ या वाक्यात तर पाऊस अजून दिसलेलाच नाही. ढग, वारा आणि उकाडा यांवरून काढलेला तो अंदाज आहे. आणि ‘दारी आलेल्याला उपाशी लावून देणं बरं दिसत नाही’ या वाक्यातले दिसणे सरळ लोकरीतीचे आहे. इथे पाहणारा कुणी एक माणूस नसतो, सगळे गाव असते. चांगल्या-वाईटाचा निवाडा मराठी माणूस कितीतरी वेळा याच क्रियापदाने करतो.

दिसणेच्या जोडीला दाखवणे आहे. डॉक्टरकडे जाणे याला इंग्रजीत डॉक्टरला ‘सी’ करणे म्हणतात. मराठी घरात विचारतात, ‘दवाखान्यात दाखवलं का?’ पालमसारख्या तालुक्याच्या गावात दुखणे हाताबाहेर गेले की परभणीला किंवा नांदेडला ‘दाखवून आणतात’. इंग्रजी वाक्यात रोगी पाहतो, मराठीत तो स्वतःला दाखवतो आणि पाहण्याचे काम डॉक्टरकडे राहते. शब्दाला शब्द ठेवून भाषांतर करणारा इथे हमखास अडखळतो, कारण पाहणारा कोण आणि पाहिला जाणारा कोण याची मांडणीच दोन भाषांत उलटी आहे.

पाहणे आणि बघणे यांत अर्थाचा फरक जवळजवळ नाही. फरक आहे तो वापराच्या जागेचा. लिहिताना पाहणे पुढे येते, बोलताना बघणे. पण दोन्ही क्रियापदांनी डोळ्यांचे काम सोडून जी इतर कामे अंगावर घेतली आहेत, ती मोजायला बसले तर यादी लांबत जाते. ‘शेती धाकटा बघतो’ म्हणजे तो शेती सांभाळतो. ‘मुलीला स्थळ बघतात’ म्हणजे शोधतात. भटजी मुहूर्त पाहतो, वैद्य नाडी पाहतो, पाऊस शेतकऱ्याचा अंत पाहतो, आणि सगळे मिळून त्याची वाट पाहतात. ‘बघतोच तुला’ ही धमकी आहे. ‘बघू’ हे होकार आणि नकार यांच्या मधले उत्तर आहे, आणि उसने मागायला गेलेल्या माणसाला त्याचा कल कुणीकडे आहे ते आवाजावरून बरोबर कळते.

सर्वांत नवलाची गोष्ट अशी की हे डोळ्यांचे क्रियापद इतर इंद्रियांनाही उसने दिले जाते. चाखून बघ, हुंगून बघ, ऐकून बघ, हात लावून बघ. स्वयंपाकघरात कालवणाचे मीठ जिभेने ‘बघतात’. यातले बघणे म्हणजे करून अनुभव घेणे, पारख करणे. ‘विचारून पाहा’, ‘एकदा जाऊन तर पाहा’ यांत ते प्रयत्नाच्या अर्थापर्यंत पोचते. ‘-ऊ’ हा प्रत्यय लागलेल्या क्रियापदामागे आले की इच्छा किंवा बेत सुचवते: तो निसटू पाहतो, ती काही बोलू बघते. इंग्रजीत ‘आय सी’ म्हणजे ‘समजले’. तिथे पाहण्यातून समजण्याचा अर्थ निघाला. मराठीत समजणे, उमगणे, कळणे यांचा संसार वेगळा आहे, आणि पाहणे हे शोधणे, पारखणे, सांभाळणे या अंगाने वाढले.

या वाढीतूनच मराठीला तिचा एक अत्यंत कामाचा शब्द मिळाला: पाहिजे. दिवसातून शंभर वेळा तोंडी येणाऱ्या या शब्दात पाहणे दडलेले आहे, हे सहसा ध्यानात येत नाही. जुन्या मराठीत क्रियापदाला ‘इजे’ लावून ‘केले जाते’ या अर्थाचे रूप होत असे. करणेचे कीजे, म्हणणेचे म्हणिजे, पाहणेचे पाहिजे. १२९० साली सिद्ध झालेल्या ज्ञानेश्वरीत अशी रूपे जागोजागी भेटतात. पुढे ही रचना भाषेतून गेली. तिचे दोन अवशेष मात्र टिकले. ‘म्हणिजे’चे ‘म्हणजे’ झाले आणि ‘पाहिजे’ होते तसे राहिले. मुळात ‘पाणी पाहिजे’ म्हणजे पाणी पाहिले जाते, त्याकडे डोळे लागलेले असतात, ते शोधले जाते. शोधण्यातून गरजेचा अर्थ आला आणि जुना अर्थ पुसून गेला. हिंदीतल्या ‘चाहिए’ची घडणही अशीच आहे; तेही मूळच्या कर्मणी रूपातूनच आले.

पाहिजेचे वागणे इतर क्रियापदांसारखे नाही, ते या इतिहासामुळेच. त्याला स्वतःचा भूतकाळ नाही, म्हणून ‘पाहिजे होते’ असा आधार घ्यावा लागतो. त्याचा नकार ‘नको’ या अगदी वेगळ्या शब्दाने होतो. मात्र अनेकवचन ते करते: एक बैल पाहिजे, दोन बैल पाहिजेत. ‘मजूर पाहिजेत’ ही दुकानावरची पाटी असते, ‘पोलिसांना पाहिजे असलेला’ ही बातमीतली ओळख असते, आणि ‘अभ्यास केला पाहिजे’ यात गरजेचे कर्तव्य झालेले असते. पुस्तकी मराठीत याच जागी ‘हवे’ पुष्कळदा येते. मराठवाड्याच्या बोलण्यात ‘पायजे’चाच जोर आहे.

पाहणेचे नाते संस्कृतातल्या ‘पश्यति’शी, दिसणेचे ‘दृश्यते’शी जोडले जाते. तिसरे क्रियापद देखणे. ते प्राकृतातल्या ‘देक्खइ’वरून आले. संतांच्या मराठीत ते राजरोस वावरत होते. आज प्रमाण मराठीत क्रियापद म्हणून ते मागे पडले आहे, पण त्याचे गोत टिकून आहे: देखणा नवरदेव, गणपतीपुढचा देखावा, देखरेख, देखभाल, डोळ्यांदेखत. हिंदीत हेच क्रियापद रोजच्या वापरात राहिले आणि मराठीत त्याची जागा पाहणे-बघणेने घेतली. ‘पाहुणा’ हा शब्द मात्र या घराण्यातला नाही. मुलगी पाहायला पाहुणे येतात, त्यामुळे नाते असावेसे वाटते; पण पाहुणा संस्कृत ‘प्राघुण’वरून आला आहे.

पालमचा मुलूख १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत निजामाच्या राज्यात होता आणि तिथला राज्यकारभार उर्दूतून चाले. अरबीतून फारसी-उर्दूमार्गे आलेला ‘नजर’ हा शब्द साऱ्या मराठीचा आहे, तरी मराठवाड्यात त्याचा सरकारी संसार अधिक भरलेला आहे. घरात लेकराला नजर लागते, तीच दृष्ट. ती मीठ-मोहऱ्या ओवाळून उतरवतात. पतसंस्थेत आणि बँकेत ‘नजरगहाण’ चालते. ट्रॅक्टर कर्जदाराच्याच दारात उभा असतो, कर्जदार तो चालवतो आणि त्यावर कमावतोही. पण ट्रॅक्टर कर्ज देणाऱ्याच्या नजरेखाली गहाण असतो. ‘नजराणा’ याच शब्दाचा भाऊ वाटतो, पण तो परका आहे. अरबीत ‘नजर’ आणि भेट या अर्थाचा ‘नज्र’ ही दोन वेगळ्या धातूंची, वेगळ्या अक्षरांनी लिहिली जाणारी रूपे आहेत. देवनागरीत आल्यावर त्यांच्यातला फरक मिटला. इनामी किंवा वर्ग दोनच्या जमिनीसाठी सरकारात भरतात तो नजराणा या दुसऱ्या शब्दाचा वारस आहे.

याहून गमतीची कथा ‘नजरअंदाज’ची आहे. उर्दू-हिंदीत नजरअंदाज करणे म्हणजे दुर्लक्ष करणे, कारण तिथला ‘अंदाज’ फेकणे या अर्थाच्या फारसी धातूचा आहे, नजरेबाहेर टाकणे. मराठीत अंदाज म्हणजे अदमास. त्यामुळे महसूल खात्याची ‘नजरअंदाज पैसेवारी’, म्हणजे पिकाच्या उताऱ्याचा पैशांत मांडलेला पहिला आकडा, ही दुर्लक्षाने काढलेली नसते, ती उभे पीक डोळ्यांनी पाहून केलेल्या अदमासाने काढलेली असते. खरिपाची ही पहिली पैसेवारी सप्टेंबरअखेर जाहीर होते, मग सुधारित येते आणि अखेर पीक कापणीच्या प्रयोगांवरून अंतिम. ठरावीक मापाचा तुकडा आखायचा, त्यातले पीक कापायचे, मळायचे, तोलायचे. नजर सप्टेंबरात बोलते आणि तराजू डिसेंबरात. दुष्काळ ठरवण्याचे निकष केंद्राच्या २०१६ च्या दुष्काळ संहितेनंतर बदलले, तरी पैसेवारी पन्नास पैशांच्या वर गेली की खाली राहिली, याकडे सोयाबीन-कापूस पिकवणाऱ्या गावांचे कान लागलेले असतातच. आता हिंदीच्या संगतीने ‘दुर्लक्ष’ हा अर्थही मराठी वर्तमानपत्रांत शिरला आहे. एकाच पानावर दोन्ही अर्थ भेटू शकतात. दुर्लक्ष करणे, काणाडोळा करणे असे चांगले मराठी शब्द असताना या अर्थाने नजरअंदाज वापरण्याची गरज नाही. ज्या शब्दावर शेतकऱ्याची सवलत अवलंबून असते त्याचा अर्थ गढूळ होऊ नये.

पाहणेपासून झालेले नाम ‘पाहणी’. मराठी राज्यांच्या महसुली व्यवहारात शेते फिरून पीक आणि जमीन तपासण्याला पाहणी म्हणत आणि ते काम करणाऱ्याला पाहणीदार. हा शब्द मराठीच्या सीमेबाहेरही गेला. कर्नाटकात जमिनीच्या हक्काच्या उताऱ्याला आजही ‘पहणी’ म्हणतात, तेलंगणात ‘पहाणी’. पालमपासून नांदेड ओलांडून पुढे गेले की लागणाऱ्या तेलुगू मुलखातला शेतकरी कचेरीत जाऊन हा मराठी शब्द आपला म्हणून उच्चारतो. हैदराबाद संस्थान आणि नंतरचे हैदराबाद राज्य यांत मराठवाडा आणि तेलंगणा एकाच कारभाराखाली होते. १९५४-५५ सालचे खासरा पाहणी पत्रक हा दोन्हीकडे जमिनीच्या दाव्यांत पुढे येणारा कागद आहे. मराठवाड्यातल्या कुणबी नोंदी शोधण्यासाठी २०२३ मध्ये न्यायमूर्ती संदीप शिंदे समिती नेमली गेली, तेव्हा तपासायच्या महसुली अभिलेखांत खासरा पत्रक आणि पाहणी पत्रक होतेच. कधीकाळी कुणा कारकुनाने बांधावर उभे राहून जे पाहिले, त्यावर पणतवंडांचे दाखले ठरू लागले.

१५ ऑगस्ट २०२१ पासून राज्यभर ‘ई-पीक पाहणी’ सुरू झाली. पूर्वी तलाठी पिकांची नोंद गाव नमुना बाराला करी. आता शेतकऱ्याने आपल्या गटात उभे राहून मोबाइलच्या अॅपवर पिकाचे नाव व क्षेत्र भरायचे आणि छायाचित्र काढायचे. छायाचित्रासोबत जागेचे अक्षांश-रेखांशही जातात. नाव पाहणीच राहिले, पण पाहणारा बदलला. खरे तर शेतकरी इथे पीक पाहत नसतो, ते सरकारला दाखवत असतो. त्याचे पाहणे पेरणीपासून रोज चालूच असते. नेटवर्क नसलेल्या शिवारात तो फोन उंच धरून फिरतो, कारण सातबाऱ्यावर पीक चढले नाही तर नुकसानभरपाई, पीकविमा आणि हमीभावाची खरेदी या सगळ्यांतच अडथळा येतो. पीक शेतात असून कागदावर दिसत नाही, हा दिसणे या क्रियापदाचा आजच्या काळातला सर्वांत महागडा अर्थ आहे. अहवालांतले ठरलेले वाक्य ‘पाहणीत असे दिसून आले’ हे या दोन क्रियापदांची कामे चोख वाटून देते. पाहणी अधिकारी करतो आणि काय दिसून यावे हे त्याच्या हाती नसते, अशी त्या वाक्याची ग्वाही असते. ती प्रत्येक अहवालात खरी ठरावी, एवढीच शिवाराची अपेक्षा असते.

संस्कृतातून थेट आलेल्या शब्दांत ‘दर्शन’चे व्याकरण निराळे आहे. पालमशेजारचे गंगाखेड हे संत जनाबाईंचे गाव, आणि आषाढीला या भागातून पंढरीची वाट धरणारे पुष्कळ. वारकरी विठोबा पाहायला जातो असे कुणी म्हणत नाही. तो दर्शनाला जातो. दर्शन घेतात, आणि देव ते देतो. गर्दीत पायांपर्यंत पोचता आले नाही तर मुखदर्शनावर समाधान मानतात. इथे पाहणे आणि दिसणे यांतला भेद गळून पडतो, कारण पाहणाराही पाहिला जात असतो. याच्या दुसऱ्या टोकाला ‘बघ्या’ आहे. अपघाताच्या जागी बघ्यांची गर्दी जमते, अन्याय होताना कुणी बघ्याची भूमिका घेतो. बघण्यासारख्या शंभर कामांच्या क्रियापदातून सांभाळणे, शोधणे, पारखणे सगळे काढून टाकले की उरतो तो बघ्या. म्हणूनच हा शब्द मराठीत कधी कौतुकाने वापरला जात नाही.

लेखनाविषयी एक खुलासा उरतो. मराठी साहित्य महामंडळाच्या लेखनविषयक नियमांनुसार क्रियापद ‘पाहणे’ असे लिहावे, ‘पहाणे’ असे नाही. आज्ञार्थी मात्र ‘पाहा’बरोबर ‘पहा’ही चालते, राहा-रहा आणि वाहा-वहा यांच्याप्रमाणे. ‘पान १२ पहा’ असे छापलेले पुष्कळदा आढळते, कारण उच्चारात पहिला स्वर आखूड होतो. अनेकवचनी नामासोबत ‘पाहिजेत’ लिहावे.