नसलेल्या पत्रांची खरी गोष्ट

आई-बाबांना विचारून बघा, डॉक्युमेंटरी म्हणजे काय? उत्तर ठरलेलं. पिक्चरच्या आधी थेटरात लागायची ती फिल्म्स डिव्हिजनची रीळ. खर्जातला आवाज, धरण, कारखाना, आकडेवारी. ती संपेपर्यंत बाहेर जाऊन वडा खाऊन यायचा!

पायल कपाडियाच्या फिल्म्समध्ये असा सगळं समजावून सांगणारा आवाजच नाही. तिथे माणसं कुजबुजतात. आणि ही कुजबुज थेट कानपर्यंत पोचली. हो, फ्रान्समधल्या कान फेस्टिव्हलपर्यंत!

पायल मुंबईची. आई नामवंत चित्रकार नलिनी मलानी. पण लेकीने डिग्री घेतली इकॉनॉमिक्सची. मग 2012 मध्ये ती पुण्याच्या एफटीआयआयमध्ये दिग्दर्शन शिकायला गेली. 2015 मध्ये तिथे गजेंद्र चौहान यांच्या अध्यक्षपदावरच्या नेमणुकीविरुद्ध विद्यार्थ्यांनी 139 दिवस संप केला. 35 विद्यार्थ्यांवर केस झाली, त्यात पायलही होती.

दुसऱ्या कोणी यावर घोषणा, मुलाखती, टाळ्या अशी टिपिकल फिल्म केली असती. पायलने काय केलं? प्रेमपत्रं लिहिली!

‘अ नाईट ऑफ नोइंग नथिंग’ (2021) सुरू होते ती हॉस्टेलमध्ये सापडलेल्या पत्रांपासून. लिहिणारी फक्त ‘एल’. तिचा मित्र घरी परतलाय. जात आडवी आल्यामुळे त्याच्या घरच्यांना हे नातं मंजूर नाही. ती लिहीत राहते. पडद्यावर दिसतात अंधारात नाचणारी मुलं, संप, रोहित वेमुलाच्या मृत्यूनंतरची आंदोलनं. मित्रांनी शूट केलेलं फुटेज, जुन्या घरगुती फिल्म्स, सीसीटीव्ही, सगळं एकत्र गुंफलेलं आणि बरंचसं ब्लॅक अँड व्हाइट.

गंमत म्हणजे ती पत्रं काल्पनिक आहेत. मग ही चीटिंग नाही का? मला आधी तसंच वाटलं होतं. पण विचार करा. मोर्चा कॅमेऱ्यात येतो, लाठी येते. त्या रात्री रूमवर परतलेल्या मुलीला कोणाची आठवण आली, हे कुठल्या फुटेजमध्ये सापडणार? पुराव्यात जे मावत नाही, त्यासाठी पायलने पत्रं रचली. कानने या फिल्मला त्या वर्षीच्या सर्वोत्तम डॉक्युमेंटरीचं ‘गोल्डन आय’ दिलं.

हा फंडा तिच्याकडे आधीपासूनच होता. ‘अँड व्हॉट इज द समर सेइंग’ (2018) ही जंगलातल्या गावावरची छोटी फिल्म. पुरुष मधाच्या शोधात झाडांचे शेंडे न्याहाळतो आणि गावातल्या बायका हरवलेल्या प्रेमाची गुपितं सांगतात. चेहरा मात्र एकीचाही दिसत नाही. चेहरा नाही, म्हणून मन मोकळं!

मग आला ‘ऑल वी इमॅजिन अ‍ॅज लाइट’. 2024 मध्ये कानचं ग्राँ प्री मिळवणारा पहिला भारतीय सिनेमा. (तेव्हाही ती एफटीआयआयची केस सुरूच होती!) ही फीचर फिल्म, पण सुरुवात डॉक्युमेंटरीसारखी. रात्रीचं शहर, लोकल, आणि मुंबईत पोटासाठी आलेल्यांचे आवाज. कुणाला इतक्या वर्षांनीही हे शहर आपलं वाटत नाही.

यातली छाया कदमची पार्वती आठवते? हॉस्पिटलमध्ये स्वयंपाक करणारी. चाळीच्या जागी टॉवर येणार, आणि ती इथे राहत होती हे सिद्ध करणारा कागद तिच्याकडे नाही. कागद नाही, म्हणजे ती इथे कधी नव्हतीच! मग सामान बांधून ती रत्नागिरीकडच्या आपल्या गावी परतते.

डोंबिवलीकरांना हे समजावून सांगायला नको. गिरगाव-परळात जागा परवडेना, म्हणून इकडे आलेली घरं आपल्या प्रत्येक सोसायटीत आहेत. नव्या फ्लॅटचं अ‍ॅग्रीमेंट कपाटात जपून ठेवलंय. पण चाळीतली शेवटची रात्र कशी गेली, ते कुठे लिहून ठेवलंय?

डॉक्युमेंट म्हणजे कागद. पायल कपाडिया ज्यांच्याकडे तो नसतो, त्यांच्यासाठी तो बनवते.

उद्या सकाळच्या फास्टमध्ये शेजारची मुलगी मोबाइलवर काहीतरी टाइप करत असेल. डोकावू नका हं! पण घरी गेल्यावर आजीला एकदा त्या चाळीबद्दल विचारा. आणि ती बोलायला लागली की फोनचं रेकॉर्डिंग सुरू करा. तिला विचारून, अर्थात!