गादीचे माप, पलंगाचे माप

कापसाच्या गादीच्या काळात माप जुळवण्याचा प्रश्न फारसा उद्भवत नसे, कारण पलंग घरात आधीच असे आणि पिंजारी धनुकलीने कापूस पिंजून तो त्याच पलंगाच्या बेताने शिवलेल्या खोळीत भरून देई. फोम, रबराने बांधलेला काथ्या, लॅटेक्स किंवा स्प्रिंग यांच्या कारखान्यात तयार झालेल्या गाद्यांनी हा क्रम उलटा केला आहे. या गाद्या ठरावीक मापांत येतात आणि इंचभर कमी जागेत दाबून बसवता येत नाहीत. म्हणून आता गादी आधी ठरवावी, तिच्यावरून पलंग आणि शेवटी चादर, हाच क्रम योग्य ठरतो. तरीही बहुतेक घरांत पलंगच आधी बनतो, ही खेदाची गोष्ट आहे.

भारतीय बाजारात गादीची लांबी मुख्यतः ७२, ७५ किंवा ७८ इंच, म्हणजे सहा, सव्वासहा किंवा साडेसहा फूट असते; रुंदी मात्र सिंगलला ३० किंवा ३६, डबलला ४८, क्वीनला ६० आणि किंगला ७२ इंच अशी बदलते. क्वीन या एकाच नावाखाली तीन वेगवेगळ्या लांबींच्या गाद्या विकल्या जात असल्याने नावापेक्षा आकड्यावरच विश्वास ठेवणे भाग आहे. लांबी झोपणाऱ्याच्या उंचीपेक्षा निदान सहा इंचांनी जास्त असावी. पाच फूट दहा इंच उंचीच्या माणसाला ७२ इंचांच्या गादीवर जेमतेम दोन इंच उरतात आणि उशी थोडी खाली आली की पाय काठाबाहेर जातात. खोली दहा बाय दहाची असेल तर सहा फूट रुंदीच्या पलंगाच्या दोन्ही बाजूंना दोन-दोन फूटच जागा राहते, त्यामुळे कपाटाचे दार कुठे उघडते हेही त्याच वेळी पाहावे लागते.

सर्वांत जास्त घोटाळा पलंगाच्या मापात होतो. सुताराला ‘सहा बाय पाच’ एवढेच सांगितले आणि त्याने ते बाहेरून धरले, तर १९ मिलिमीटर जाडीच्या, म्हणजे सुमारे पाऊण इंचाच्या दोन बाजूपट्ट्या रुंदीतून दीड इंच खातात, आतली जागा साडेअठ्ठावन्न इंच उरते आणि ६० इंचांची गादी कडेला उचलली जाऊन मधोमध फुगते. म्हणून माप नेहमी ‘आतून’ सांगावे, आणि चादर खोचताना बोटे शिरावीत यासाठी लांबी-रुंदीत एकेक इंच मोकळा ठेवावा. प्लायवूडचा तक्ता सहसा आठ फूट बाय चार फुटांचा असतो, त्यामुळे सहा फूट रुंदीच्या पलंगाच्या तळाला सांधा येतोच. त्या सांध्याखाली आडवी पट्टी नसेल तर गादी तिथेच खचते आणि दोष मात्र गादीला दिला जातो. सामान ठेवण्याच्या पेटीवजा पलंगात तळाला हवा जाण्यासाठी भोके हवीत, कारण घामाचा ओलावा आणि पावसाळ्याची दमट हवा मिळून काथ्याच्या गादीला खालून बुरशी लागते.

चादरीच्या बाबतीत विसरली जाते ती गादीची जाडी. साध्या चादरीची रुंदी काढताना गादीच्या रुंदीत जाडीची दुप्पट मिळवावी आणि दोन्ही बाजूंना खोचण्यासाठी आठ-आठ इंच धरावेत. लांबीचाही हिशेब असाच. ७२ बाय ६० इंचांच्या, सहा इंच जाड गादीला या हिशेबाने ८८ बाय १०० इंचांची चादर लागते, म्हणजे दुकानात मिळणारी ९० बाय १०० ची चादर तिला बेताची बसते. तीच चादर ७८ बाय ७२ इंचांच्या, आठ इंच जाड गादीवर घातली तर रुंदीत प्रत्येक बाजूला खोचायला जेमतेम एक इंच राहतो आणि ती रात्रीतून निघून येते. अशा गादीला १०८ बाय १०८ ची चादर घ्यावी. सुती कापड पहिल्या धुण्यात आटते, त्यामुळे बेताने बसणारी चादर घेणे मुळात धोक्याचे. इलॅस्टिकच्या चादरीत लांबी-रुंदीबरोबर कोपऱ्याची खोली पाहावी आणि ती गादीच्या जाडीपेक्षा दोन इंचांनी तरी जास्त असावी.

आकड्यांचा क्रमही नीट वाचावा लागतो: आपल्याकडे गादीवर सहसा लांबी आधी लिहितात, चादरीच्या पाकिटावर मात्र अनेकदा रुंदी आधी असते. अमेरिकेत राहणाऱ्या मुलांसाठी इथून चादरी पाठवणाऱ्या मराठी कुटुंबांनी हे विशेष ध्यानात घ्यावे, कारण तिकडची क्वीन गादी ६० इंच रुंद व ८० इंच लांब, तर किंग ७६ इंच रुंद व ८० इंच लांब असते. आपल्याकडची ७२ बाय ७२ च्या किंग गादीसाठी शिवलेली इलॅस्टिकची चादर तिकडच्या किंग गादीला रुंदीत चार आणि लांबीत आठ इंच अपुरी पडते, १०८ बाय १०८ ची साधी चादर मात्र दोन्हीकडे चालते.