फेजोआद आणि राजम्याची पहिली उकळी

गोव्यातील ख्रिस्ती घरांत राजमा आणि चोरीस, म्हणजे मसाला व व्हिनेगर लावून टिकवलेले डुकराचे मांस, एकत्र शिजवून ‘फेजोआद’ करतात. पदार्थाचे नाव पोर्तुगीज, तर राजमा मूळचा अमेरिकेचा.

राजमा रात्रभर भिजवून ते पाणी टाकून द्यावे. नव्या पाण्यात तो निदान १० मिनिटे खळखळून उकळावा आणि मगच मंद आचेवर मऊ शिजवावा. कच्च्या राजम्यात लेक्टिन नावाचे द्रव्य असते. त्याने उलट्या-जुलाब होतात आणि केवळ मंद आचेने ते नष्ट होत नाही.

नंतर परतलेला कांदा व चोरीस घालून पुन्हा शिजवावे. चोरीस खारट असल्याने मीठ चव पाहूनच घालावे. उज्जयिनीतील शाकाहारी कुटुंबांनी त्याऐवजी लसूण, लाल मिरची व थोडे व्हिनेगर वापरावे. पहिल्या उकळीला मात्र पर्याय नाही.