मान्यता नसलेल्या कॉलेजात प्रवेश घेतला तर काय होतं? पैसे परत मिळतीलही, वर्ष मिळणार नाही

दहावी-बारावीचे निकाल लागले की एसटी स्टँडपासून गावच्या पारापर्यंत कॉलेजांचे बोर्ड झळकतात. बी.एड., फार्मसी, नर्सिंग, सोबत 'शंभर टक्के नोकरी'. काही ठिकाणी मान्यतेचं विचारलं तर उत्तर येतं, "प्रस्ताव मंत्रालयात आहे, महिनाभरात होऊन जाईल. तुम्ही सीट पक्की करा." इथंच सावध व्हायला हवं. मान्यता येण्याआधी प्रवेश देणं बेकायदा आहे आणि त्याचा पहिला फटका विद्यार्थ्याला बसतो.

मान्यता म्हणजे एकच कागद नव्हे

महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ कायदा २०१६ नुसार नव्या कॉलेजला आधी सरकारचं इरादापत्र मिळतं, मग अंतिम मान्यता आणि त्यानंतर विद्यापीठाची संलग्नता. नुसतं इरादापत्र दाखवून प्रवेश देता येत नाहीत. बी.एड.ला एनसीटीईची, फार्मसीला फार्मसी कौन्सिलची मंजुरी वेगळी लागते. संस्था धर्मादाय आयुक्तांकडे नोंदलेली असली, तरी ती फक्त संस्थेची नोंदणी. कोर्सच्या मान्यतेशी तिचा संबंध नाही.

विद्यार्थ्याचं काय होतं?

एनसीटीई कायद्यानुसार मान्यता नसलेल्या कॉलेजची परीक्षाच विद्यापीठाला घेता येत नाही. फार्मसीत कौन्सिलची मंजुरी नसेल तर फार्मासिस्ट म्हणून नोंदणी होत नाही.

'कोर्टात जाऊ, परीक्षेला बसायची परवानगी मिळेल' असंही सांगितलं जातं. पण आंध्र प्रदेशातल्या विनापरवानगी मेडिकल कॉलेजच्या प्रकरणात १९८६ सालीच सुप्रीम कोर्टानं सांगितलं, की कायदा मोडून परीक्षा घ्या असा आदेश विद्यापीठाला देता येणार नाही. १९९२ मध्ये महाराष्ट्रातल्या शिक्षक प्रशिक्षणाच्या प्रकरणात हायकोर्टानं दिलेली परीक्षेची परवानगीही सुप्रीम कोर्टानं रद्द केली.

कॉलेजवर कारवाई कोणती?

विनापरवाना संस्था आणि कोर्स चालवण्यावर बंदी घालणारा राज्याचा २०१३ चा कायदा आहे. खोटी मान्यता सांगून पैसे घेतले तर फसवणुकीचा गुन्हा दाखल होऊ शकतो. भारतीय न्याय संहितेच्या कलम ३१८(४) मध्ये सात वर्षांपर्यंत कैद आहे.

भरपाईही मिळू शकते. पाटण्याच्या एका डेंटल कॉलेजनं नसलेली मान्यता जाहिरातीत सांगितली होती. विद्यार्थी ग्राहक आयोगात गेले. २००९ मध्ये सुप्रीम कोर्टानं फी व्याजासह परत आणि वर नुकसानभरपाई देण्याचा निकाल कायम केला. लखनौच्या एका मेडिकल कॉलेजनं प्रवेशबंदी असताना हायकोर्टाच्या आदेशावर १५० मुलं घेतली. २०१७ मध्ये सुप्रीम कोर्टानं ते प्रवेश रद्द केले, फी परत करून प्रत्येकाला १० लाख रुपये द्यायला लावले आणि २५ लाखांचा दंड केला. पण पाटण्याच्या मुलांनी प्रवेश घेतला होता १९९० च्या दशकात. पैसे आले तोवर शिकायचं वय निघून गेलं होतं.

पैसे भरण्याआधी एवढं करा

१. यंदाच्या वर्षाचं मान्यतापत्र आणि संलग्नतापत्र मागा. त्यावर कोर्सचं नाव आणि प्रवेशक्षमता बघा.
२. विद्यापीठ आणि संबंधित कौन्सिलच्या वेबसाइटवर कॉलेजचं नाव स्वतः शोधा. एजंटनं व्हॉट्सॲपवर पाठवलेल्या पीडीएफवर जाऊ नका.
३. शिष्यवृत्तीसाठी महाडीबीटीवर ते कॉलेज आणि तो कोर्स दिसतो का, ते तपासा.
४. 'परीक्षा दुसऱ्या कॉलेजच्या नावावर देऊ' असं कुणी म्हटलं तर तिथूनच परत फिरा.
५. रोख देऊ नका. बँकेतून भरा, शिक्क्याची पावती घ्या, जाहिरातीचा फोटो जपून ठेवा. उद्या तक्रार करायची वेळ आली तर हाच पुरावा.

पैसे अडकले असतील तर विद्यापीठाकडे आणि विभागीय सहसंचालक कार्यालयात लेखी अर्ज द्या, पोहोच घ्या, पोलीस ठाण्यातही तक्रार करा. पुढच्या वर्षी मान्यता येईल म्हणून गप्प बसलात, तर मुलाचं आणखी एक वर्ष जाईल.