लाल किल्ल्यावरची तारीख

माहितीपटाच्या संकलकाकडून येणाऱ्या यादीत एक ओळ हमखास असते : '१५ ऑगस्ट १९४७, नेहरू, लाल किल्ला, दहा सेकंद.' असा शॉट मी देऊ शकत नाही, कारण लाल किल्ल्यावर नेहरूंनी झेंडा फडकवला तो १६ ऑगस्टला. १५ च्या संध्याकाळी समारंभ होता इंडिया गेटजवळच्या प्रिन्सेस पार्कात. त्या फुटेजची खूण म्हणजे माणसांच्या लोंढ्यात अडकलेली माउंटबॅटन यांची बग्गी. किल्ल्याचा तट दिसला, की दिवस १६ तारखेचा, नाहीतर पुढच्या एखाद्या वर्षाचा.

हे फुटेज मिळवायचं कुठून? महायुद्धाच्या काळात सरकारसाठी 'इंडियन न्यूज परेड' काढणारी यंत्रणा १९४६ मध्ये बंद झाली आणि फिल्म्स डिव्हिजन सुरू झाली १९४८ मध्ये. स्वातंत्र्य आलं ते नेमकं मधल्या काळात. त्यामुळे फिल्म्स डिव्हिजनच्या पेडर रोडवरच्या साठ्यावर भागत नाही, ब्रिटिश पाथे, मूव्हीटोन अशा न्यूजरीलवाल्यांचे संग्रहही चाळावे लागतात. आपल्याच स्वातंत्र्याची दृश्यं सेकंदाच्या दरानं परदेशातून घ्यावी लागतात, याचं मला अजून वाईट वाटतं.

डब्यावरच्या चिठ्ठीवर मी कधीच विसंबत नाही. रीळ पूर्ण बघते. दुकानांच्या पाट्या, मोटारींचे नंबर, भिंतीवरची सिनेमाची पोस्टरं, अंगावरचे गरम कपडे यांतून वर्ष आणि ऋतू हाती लागतो. मूळ फिल्म बघायला मिळाली तर आधी तिची कड तपासते. कोडॅक कंपनी कडेवर वर्तुळ, चौकोन, त्रिकोण अशा खुणा छापायची, त्यांवरून फिल्म कोणत्या वर्षी तयार झाली ते कळतं. पण त्याच खुणा वीस वर्षांनी पुन्हा यायच्या, म्हणजे १९२७ की १९४७, हे शेवटी पडद्यावरच्या माणसांनाच विचारावं लागतं.

काही दृश्यं तर उरलेलीच नाहीत. केंब्रिजहून परतलेल्या गणितज्ञ रँग्लर परांजप्यांच्या मुंबईतल्या स्वागताचं चित्रण आद्य चित्रणकार सावेदादांनी १९०१ मध्ये केलं होतं, ते आज बघायला मिळत नाही. अशा वेळी निर्माते म्हणतात, "त्या काळातली कुठलीही गर्दी चालेल." मी ती देत नाही. त्या गर्दीतली माणसं दुसऱ्याच कुणासाठी, दुसऱ्याच गावात जमलेली असतात, आणि माहितीपट एकदा दाखवला गेला की पुढचा संशोधक तोच पुरावा मानतो. मी त्या जागी परांजप्यांचं छायाचित्र आणि त्या आठवड्यातल्या वर्तमानपत्राचं पान सुचवते.