साधेपणाचे प्रयोग (लेखांक ६) : सुताचा दर आणि गीतेचा अर्थ

गेल्या आठवड्यात आपण विनायक नरहर भावे, म्हणजेच विनोबा, यांना गागोद्याहून कोचरबच्या आश्रमापर्यंत आणलं. १९१६ साली इंटरच्या परीक्षेला मुंबईला निघालेला हा मुलगा सुरतेलाच उतरला आणि त्याने काशीची वाट धरली. प्रमाणपत्रं त्याआधीच आईच्या चुलीत गेली होती. अशा गोष्टींना आपण पटकन त्याग म्हणून मोकळे होतो. मला विनोबांच्या राहणीत त्यागापेक्षा गणित जास्त दिसतं. तो त्यांचा आवडीचा विषय होताच.

‘गीताई’ त्यांनी ऑक्टोबर १९३० ते फेब्रुवारी १९३१ या काळात वर्ध्याला लिहिली. संस्कृत न येणाऱ्या आईने कधीकाळी गीता मराठीत मागितली होती. तिच्या हयातीत ते झालं नाही. ती १९१८ मध्येच गेली. ‘गीताई’ पूर्ण झाल्याच्या पुढच्याच वर्षी, १९३२ मध्ये, धुळ्याच्या तुरुंगात दर रविवारी गीतेच्या एकेका अध्यायावर ते बोलत गेले. फेब्रुवारी ते जून, अठरा रविवार. समोर सत्याग्रही कैदी बसलेले, आणि साने गुरुजींचा हात भराभर चाललेला. ‘गीता प्रवचने’ हे पुस्तक आपल्याला मिळालं ते त्या हातामुळे. साने गुरुजी दुसऱ्या तुरुंगात असते तर काय झालं असतं, हा विचार अधूनमधून मनात येतोच.

सुटकेनंतर, त्याच वर्षाच्या डिसेंबरात, ते वर्ध्याजवळच्या नालवाडीत राहायला गेले. वस्ती बहुतेक दलितांची. तुरुंगात सांगितलेला कर्मयोग त्यांनी इथे सूतकताईच्या दराला लावून पाहिला. कातणारीला जो दर मिळतो तोच आपण घ्यायचा आणि त्यावरच जेवायचं. दिवसाचे आठ-आठ तास कताई चाले. दुपारी चारला हिशेब होई. सहापर्यंत पूर्ण मजुरी पडेल असं दिसलं तरच संध्याकाळच्या स्वयंपाकाला चूल पेटे. नाही तर दोनच वाटा : उपाशी राहा किंवा जादा वेळ काता. कधी वाढणीच कमी होई. सोबतची मुलं कोवळ्या वयाची होती, त्यांनाही हाच नियम.

हा प्रयोग काहींना हट्टीपणाचा वाटेल. मला त्यातली बोच वेगळी वाटते. खादी अंगावर घालणारे पुष्कळ होते. ती कातणाऱ्या बाईचं पोट त्या दरात भरतं का, हे आपल्या पोटावर तपासणारे किती? १९३५ मध्ये चरखा संघाने कातणाऱ्यांना निर्वाहापुरती मजुरी द्यावी हे तत्त्व स्वीकारलं, त्यामागे गांधीजींचा आग्रह होता. नालवाडीतली कताई त्याच वादाच्या ऐन मध्यावर चालली होती.

शरीराने मात्र साथ सोडली. १९३८ मध्ये वजन ८८ पौंडांवर आलं. एखाद्या थंड हवेच्या ठिकाणी जाऊन विश्रांती घ्या, असं गांधीजींनी सुचवलं. विनोबांनी निवडलं पवनार, धाम नदीकाठचं, जमनालाल बजाजांच्या बंगल्यात. साधेपणाच्या या कहाणीला छप्पर एका धनिकाचं होतं, हे लपवायचं कारण नाही. विनोबांनीही ते लपवलं नाही. तिथे त्यांनी खोदकाम सुरू केलं. पहिल्या दिवशी जेमतेम पाच मिनिटं, मग रोज थोडं थोडं वाढवत. दहा महिन्यांत वजन १२८ पौंड झालं.

स्वातंत्र्यानंतर पवनारलाच कांचनमुक्तीचा प्रयोग सुरू झाला. पैसा वापरायचा नाही, लागेल ते पिकवायचं. शेतीला बैलही नकोत. विहीर माणसांनीच खोदली, आणि तिच्यावर हातांनी ढकलायचा आठ दांड्यांचा रहाट बसवला. अर्थशास्त्राच्या दृष्टीने हा प्रयोग मोठ्या प्रमाणावर कुठे टिकला असता असं मला वाटत नाही. पण त्याचा एक परिणाम फार दूरवर गेला. मार्च १९५१ मध्ये हैदराबादजवळच्या शिवरामपल्लीच्या सर्वोदय संमेलनाला जायचं ठरलं तेव्हा आगगाडीचं तिकीट काढण्याचा प्रश्नच नव्हता. विनोबा पवनारहून पायी निघाले. संमेलनानंतर ते तेलंगणातल्या गावांमधून फिरले, आणि १८ एप्रिलला पोचमपल्लीत पोचले. तिथल्या दलित कुटुंबांनी त्यांच्याकडे कसायला जमीन मागितली. पुढे काय झालं, ते येत्या लेखांकात.